भांड्यांची फवारणी

माझ्या सासऱ्यांचा या जगात एकाच गोष्टीवर पूर्ण विश्वास आहे, आणि ती म्हणजे औषध. देवावरही आहे, पण देवाला ते थोडी सवड देतात. माणसांवर माणूस बघून, हवामानाच्या अंदाजावर तो खरा ठरल्यानंतर. औषधावर मात्र डोळे झाकून. आता औषध म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांसमोर डॉक्टरची चिठ्ठी आली असेल, तर तुम्ही इंदापूरच्या बाजूचे नाही. डॉक्टर देतो त्याला सासरे 'गोळ्या' म्हणतात आणि त्या घ्यायचं जमेल तितकं टाळतात. औषध म्हणजे जे पंपात कालवून डाळिंबाच्या बागेवर मारतात ते. तेल्या रोगावरचं, माव्याच्या किडीवरचं, फूलगळीवरचं. मी बारामतीच्या एका कॉलेजात मराठी शिकवतो, एका शब्दाचे दोन अर्थ पोरांना समजावून सांगणं हा माझा रोजचा उद्योग आहे, तरी या एका शब्दानं माझं लग्न जुळता जुळता राहिलं असतं.

मुलगी बघायला आम्ही त्यांच्या मळ्यातल्या घरी गेलो होतो. माझे वडील पोस्टातून निवृत्त झालेले, शेती कधी केली नाही, आणि रक्तदाबामुळे स्वभावानं जरा घाबरे. सासरे त्यांच्याशेजारी बसले आणि ओळख वाढवायची म्हणून विचारलं, "औषध कवा असतंय?" वडील म्हणाले, "सकाळी उपाशीपोटी एक, आणि रात्री झोपताना एक." सासऱ्यांनी कौतुकानं मान हलवली. "सकाळचं बरोबर हाय. ऊन चढायच्या आत दिलेलं चांगलं. रातीचं मातुर बंद करा. दव पडतंय, सगळं खाली ओघळून जातंय." वडिलांचा चेहरा पडला. घरी परतताना त्यांनी गाडीत विचारलं, "रात्रीच्या गोळीनं दव पडतं म्हणजे नेमकं काय होतं रे?" पुढचे दोन दिवस त्यांनी ती गोळी घेतली नाही. तिसऱ्या दिवशी चक्कर आली, तेव्हा उलगडा झाला.

मी त्यांना मामा म्हणतो, माझी बायको तात्या म्हणते, आणि गाव त्यांना त्यांच्यामागे बरंच काही म्हणतं. वाऱ्याची दिशा बघितल्याशिवाय मामा कुठलंही काम सुरू करत नाहीत. चिमूटभर माती उचलायची, छातीइतक्या उंचीवरून सोडायची, ती कुठं जाते ते बघायचं, मग ठरवायचं. फवारणीला हे ठीक आहे. पण मामा उदबत्ती लावतानाही हे करतात. आमच्या लग्नात होम पेटायच्या आधी त्यांनी मांडवात माती सोडून बघितली आणि भटजींना पाट फिरवायला लावला. त्यामुळे पुढचा तासभर सगळा धूर माझ्या चुलत्यांच्या तोंडावर गेला. लग्नाच्या फोटोत वरपक्षाची सगळी माणसं रडताना दिसतात, आणि मुलीकडचे खुशीत. बघणाऱ्याला वाटतं, या लोकांनी मुलगा दिला की काय.

औषधाच्या डब्यावर जहालपणा दाखवणारा एक रंगीत तिकोन असतो. लाल म्हणजे सगळ्यात जहाल, मग पिवळा, मग निळा, आणि हिरवा म्हणजे सौम्य. मामांनी सगळ्या नातेवाइकांना असे तिकोन देऊन ठेवले आहेत. त्यांचे थोरले साडू लाल. "दोन हात लांबूनच बोलावं माणसानं." बँकेत असलेला पुतण्या पिवळा. मला त्यांनी लग्नानंतर पहिल्याच दिवाळीत हिरवा दिला. मला फार बरं वाटलं. मी ते बारामतीत दोन-चार जणांना सांगितलंही. मग बायकोनं खुलासा केला की हिरव्या तिकोनाचं औषध तात्या विकतच घेत नाहीत, कारण त्यानं किडा मरत नाही.

सासूबाई तीन वर्षांपूर्वी गेल्या. त्यानंतर मामा मळ्यात एकटे राहतात. आम्ही बारामतीला बोलावलं, तर म्हणाले, "बाग कोण बघंल?" त्यात तथ्य होतं. ते स्वयंपाक शिकले, तोही फवारणी शिकल्यासारखा. भाजीला मीठ ते औषध मोजायच्या मापानं मोजतात. माप वेगळं ठेवलेलं आहे, अशी त्यांनी शपथेवर ग्वाही दिली आहे. कांदा तेलात टाकण्याआधी खिडकीपाशी जाऊन वारा बघतात. भाकरी मात्र सुरेख थापतात. गोल, पातळ, काठाला एकही चीर नाही.

यंदा माझ्या बायकोला दिवस गेले. डोहाळजेवणाला मामा बारामतीला आले, टोपलीभर डाळिंबं आणि नवं पातळ घेऊन. जेवणं झाल्यावर सगळ्यांसमोर म्हणाले, "पयलं बाळंतपण म्हायेरी. आठवा लागला की न्यायला येतो." माझी आई काहीतरी बोलायला गेली आणि थांबली, कारण तिला जे बोलायचं होतं ते सगळ्यांनाच ठाऊक होतं. घरात बाई नाही, बाळंतिणीचं कोण करणार. सासूबाईंच्या दहाव्याला कुणीतरी मामांच्या कानावर जाईल असं बोललं होतं, की आता पोरीचं माहेर संपलं. ते त्यांच्या मनाला फार लागलं होतं. माहेर संपलेलं नाही, हे त्यांना एकदा दाखवून द्यायचं होतं, आणि दाखवायला यापेक्षा मोठी संधी येणार नव्हती.

बायको शाळेत विज्ञान शिकवते. तिनं आईचा विषयच काढला नाही. ती म्हणाली, "तात्या, मला यायचंय. पर तुमच्या स्वयंपाकघरात झुरळं हायत. दिवाळीला चहाच्या डब्यातनं निघालं एक. ती मारायची तर औषध मारायला लागणार. आणि औषधाच्या वासानं मला आताच्या आता उलटी होती. बाळाला घेऊन मी तिथं कशी राहू, सांगा."

मामांनी बोटांवर मोजलं. "म्हंजी झुरळं बी नकोत, आणि औषध बी नको."

"व्हय."

जन्मभर ज्या एका गोष्टीवर विश्वास ठेवला, तीच आता पोरीच्या आणि त्यांच्या मध्ये आली होती. मला त्यांची दया आली. चपला घालताना ते एवढंच म्हणाले, "एकदा बघायला तर ये. पटलं तर ऱ्हा. न्हाय पटलं तर मी सवता बारामतीला आणून सोडतो, परत इषय काढणार न्हाय." बायको हो म्हणाली.

त्यांनी इंदापूरहून पेस्ट कंट्रोलवाला बोलावला. धुराच्या मशीनवाला, कारण झुरळं भिंतीच्या फटीत आणि मांडणीच्या मागं होती. त्यानं आदल्या दिवशी फोनवर स्पष्ट सांगितलं होतं, की भांडी, डबे, पीठमीठ सगळं आधी बाहेर काढून ठेवा. मामांनी ते ऐकलंही होतं. पण माणूस दारात आला आणि मामांनी त्याच्या हातातली बाटली बघितली. मग घटक कोणता, प्रमाण किती, मशीनची तोटी अशी का, बागेत आम्ही याच औषधाला काय मिसळतो, अशी दोघांची बोलणी सुरू झाली. दोघंही एका बिरादरीचे निघाले. गप्पा इतक्या रंगल्या की मशीन सुरू झालं, घर धुरानं भरलं, दार लागलं, आणि दोघं अंगणात शेजारून आलेला चहा पिताना मामांच्या लक्षात आलं की पिठाच्या डब्यापासून चमच्यापर्यंत सगळा संसार आत मांडणीवरच आहे.

हे त्यांनी लपवलं नाही. संध्याकाळी फोन करून लेकीला सांगितलं. ती रागावली नाही, शाळेतल्या आवाजात सांगत गेली. आधी दारं-खिडक्या सताड उघडा आणि घरातून वारा चांगला वाहू द्या. उघडं पीठमीठ, मसाला, सगळं फेका. ओटा, मांडणी, फडताळ आतून पुसून घ्या. स्टील, पितळ, काच कढत पाण्यानं आणि साबणानं घासा, खळखळून धुवा, परत एकदा तेच करा, मग उन्हात वाळवा. हातमोजे घाला. चरे पडलेलं प्लॅस्टिक ठेवू नका. लाकडाचं आणि मातीचं काही ठेवू नका, ते आत ओढून घेतं. मामा प्रत्येक वाक्याला "बरं" म्हणत होते. फोन ठेवल्यावर बायको मला म्हणाली, "तुम्ही शनिवारी जा आणि बघा. ते करतील सगळं, पण कसं करतील ते सांगता येत नाही."

शनिवारी मी मळ्यात पोचलो तर अंगणात कोणीतरी अनोळखी माणूस उभा होता. डोक्याला टोपी, डोळ्यांना बंद चष्मा, तोंडाला मास्क, कोपरापर्यंत रबरी मोजे, पायांत गमबूट. मास्कच्या आतून आवाज आला, "या जावईबापू." सरकारी योजनेत मिळालेला हा सगळा पोशाख इतकी वर्षं पेटीत घडी घालून होता. जहालातलं जहाल औषध मामा नाकाला उपरणं बांधून मारत आले, लेक ओरडायची तरी. आणि आता पोहे खायच्या बश्यांसाठी त्यांनी तो अंगावर चढवला होता. मला हसू आलं. ते मी दाबलं.

त्यांनी माती सोडून वारा बघितला आणि माझ्यासाठी वाऱ्याच्या वरच्या अंगाला, लिंबाच्या सावलीत खुर्ची ठेवली. जावयानं बसायचं असतं. अंगणात मल्चिंगचा, म्हणजे वाफ्यावर घालतात तो प्लॅस्टिकचा कागद अंथरलेला, त्यावर भांडी ओळीनं मांडलेली. पातेल्यांची एक ओळ, ताटांची एक, तांबे-पेल्यांची एक. दोन ओळींत माणूस चालेल इतकं अंतर. मी म्हटलं, "मामा, ही लागवड छान झालीय." ते खूश झाले. म्हणाले, "आता बगा, हाताचं काम न्हाय. दहा मिंटात सगळं उरकतो." आणि गोठ्याच्या भिंतीला टेकवलेला पंप त्यांनी पाठीवर घेतला. त्यात कढत पाणी आणि साबण भरलेला होता. उजव्या हातानं दांडा हलवत, डाव्या हातानं नळी फिरवत ते ओळींतून चालू लागले. फेस सगळ्या भांड्यांवर सारखा बसत होता. खालच्या बाजूलाही चुकत नव्हता, कारण पानाच्या खालच्या बाजूनं औषध बसलं पाहिजे हे त्यांच्या हातात मुरलेलं आहे. शेजारच्या मळ्यातली त्यांची चुलत भावजय बांधावर येऊन उभी राहिली. "भावजी, भांडी धुताय का भांड्यांवर मावा पडलाय?" मामांनी तिकडं लक्ष दिलं नाही.

मी कौतुकानं बायकोला व्हिडिओ कॉल लावला आणि फोन सगळ्या अंगणावरून फिरवला. तिनं पोशाख बघितला, ओळी बघितल्या, हसली. मग हसता हसता थांबली.

"तात्या, त्यो पंप कुठला?"

"आपला न्हेमीचा," मामा म्हणाले.

मामांनी हळूच हातातल्या नळीच्या टोकाकडं बघितलं. याच पंपानं त्यांनी गेल्याच आठवड्यात बागेवर औषध मारलं होतं, आणि त्याआधी कितीतरी हंगाम. पेस्ट कंट्रोलवाल्यानं भांड्यांवर एक औषध मारलं होतं. मामांनी साबण लावून त्यावर बागेतली सगळी मारली. त्यांनी पंप उतरवला, चष्मा काढला आणि तिथंच गमबुटांसकट जमिनीवर बसले. "आता ती काय येत न्हाय," ते म्हणाले. माझ्याशी नव्हे, भांड्यांशीच म्हणाले.

पण फोन अजून चालूच होता. बायको म्हणाली, "तात्या, उठा. हातानं घासा. दोनदा. आणि ह्यांना बी घासायला लावा."

इथं नवा पेच आला. जावयाच्या हातात घासणी दिली हे गावात कळलं असतं तर मामांना तोंड दाखवायला जागा राहिली नसती, आणि भावजय बांधावरून हलत नव्हती. शेवटी गोठ्यामागं ताडपत्री बांधली, मोरीसारखा आडोसा केला, चुलीवर पाण्याचा हंडा चढवला, आणि आम्ही दोघं आत मांडी घालून बसलो. मामा साबण लावणार, मी घासणार, मामा विसळणार. भावजयीला आतून येणारा आवाज ऐकू येत होता. तिनं विचारलं, "कोन हाय आत?" मामा म्हणाले, "गडी हाय." मी घासत राहिलो.

लग्नातल्या भांड्यांवर देणाऱ्यांची नावं कोरलेली असतात, त्यामुळे भांडी घासता घासता मामांच्या तीन पिढ्यांची पंगत माझ्या हाताखालून गेली. मामा प्रत्येक भांड्याची ओळख करून देत होते. हा तांब्या सासूबाईंच्या मामाचा, तो कर्ज काढून आहेराला आला होता. ही परात गावकीची. एक जड पितळी पातेलं आलं, त्यावरचं नाव वाचून ते म्हणाले, "हे साडूचं. लाल तिकोन. जरा जोर लावून घासा." मी जोर लावला. ऊन कलेपर्यंत दोन हात झाले, म्हणजे आधीचा पंपाचा धरला तर तीन. बोटांची सालं निघाली होती. पेला उन्हात धरला तर डोळे दिपत होते.

सगळं झाल्यावर राहिलेली वस्तू मामांनी सर्वांत शेवटी पुढं ओढली. लाकडाची काटवट होती, भाकरीचं पीठ मळायची. मधोमध हाताच्या तळव्यानं खोलगट झालेली. त्या तळव्याबद्दल त्यांना काही सांगावं लागलं नाही. "ही बी का?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, "लाकूड आत ओढून घेतं म्हणाली ती." मनात आलं, राहू द्या म्हणावं, कुणाला कळणार आहे. मामांनी काटवट मांडीवर घेतली, खोलगट जागेवरून एकदा हात फिरवला, आणि उठले. "ती गेली, आता तिची काटवट बी जाऊ द्या. पोरगी यायला पायजे." काटवट ते बागेच्या टोकाला घेऊन गेले. तिथं काय केलं ते मी विचारलं नाही. परतले तेव्हा हात रिकामे होते आणि ते पुढच्या कामाचं बोलू लागले.

पुढच्या रविवारी मी बायकोला गाडीतून घेऊन गेलो. मामा दारात उभे होते, नव्या धोतरात. ती आत शिरली, सरळ स्वयंपाकघरात गेली. मांडणीवर भांडी लखलखत होती. ओटा पांढरा. फडताळात कागदसुद्धा नवा. औषधाच्या बाटल्या त्यांनी घरातून हलवून विहिरीवरच्या खोलीत कुलूप लावून ठेवल्या होत्या. तिनं डबे उघडून बघितले, कोपरे बघितले, वाकता येत नव्हतं तरी मांडणीखाली बघितलं. मग उभी राहून खोल श्वास घेतला. मामा तिच्या नाकाकडं बघत होते. मी पण.

"वास येतोय का?" त्यांनी विचारलं.

"न्हाय," ती म्हणाली. पुन्हा एकदा श्वास घेतला आणि तिचे डोळे भरून आले. "तात्या, कसलाच वास येत न्हाय. आपल्या घराचा बी येत न्हाय."

मामा घाबरले. औषधाचा वास घालवायचा तर काय करायचं ते त्यांना सांगितलं होतं, पण घराचा वास गेला तर काय करायचं हे कोणी सांगितलं नव्हतं. मग त्यांनी बाह्या मागं सारल्या, चूल पेटवली आणि तवा टाकला. बाजारातून आणलेले शेंगदाणे त्यावर ओतले, ते तडतडायला लागल्यावर लसूण, मग मिरची. मिरचीचा ठसका उठला आणि आम्ही तिघंही खोकायला लागलो. मामांनी खिडकीकडं पाहिलंसुद्धा नाही. शेंगदाणे काढून कुटले, परातीत पीठ मळून त्याच तव्यावर भाकरी टाकली, ती फुगली, कडेला किंचित करपली. बायको पाट ओढून चुलीपाशी बसली. पहिली भाकरी तिनं ताटाशिवाय हातातच घेतली, चटणी वर ठेवून. दुसरी मागितली. तिसरीच्या वेळी तोंडात घास असतानाच मला म्हणाली, "अहो, गाडीतली बॅग काढा. मी राहते."

मामा चुलीकडं तोंड करून बसले होते. ते रडत होते. ते मी पहिल्यांदाच बघत होतो, सासूबाईंच्या वेळीसुद्धा बघितलं नव्हतं. बायकोनं भाकरीचं पीठ लागलेला हात त्यांच्या पाठीवर ठेवला, आणि तसाच ठेवून जेवत राहिली.

मी संध्याकाळी निघालो. माझे आईवडील गावी गेले होते, सोमवारी कॉलेज होतं. मामा गाडीपर्यंत आले आणि खिडकीतून एक डबा आत दिला. चार भाकरी आणि चटणी होती. मी म्हटलं, "मामा, बारामतीत मिळतं सगळं, कशाला." ते म्हणाले, "मिळतंय वो. पर एकट्यासाठी चूल पेटवायचा लई कटाळा येतोय, जावईबापू. मला ठावं हाय." एवढं बोलून ते वळले आणि घराकडं चालू लागले. तीन वर्षांत त्यांनी आमच्याजवळ याबद्दल एक शब्द काढला नव्हता. डबा अजून गरम होता. येताना ती बसली होती त्या सीटवर मी तो ठेवला, आणि जरा वेळानं गाडी सुरू केली.